लिंकनचं गेटिसबर्ग भाषण मराठीत बसवताना

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मुलगी अकरावीत आहे, वक्तृत्व स्पर्धेत 'जगातलं गाजलेलं भाषण' मराठीतून सादर करायचंय, वेळ सात मिनिटं. अब्राहम लिंकनचं गेटिसबर्गचं भाषण निवडलंत, मराठी भाषांतर मिळवलंत, आणि ते वाचून तुम्हीच बुचकळ्यात पडलात. शेवटचं 'लोकांचे, लोकांनी, लोकांसाठी' सोडलं तर यात एवढं काय आहे? लिंकनचं दुसरं एखादं भाषण याहून बरं आहे का?

मी गेली सव्वीस वर्षं मुलांची भाषणं बसवतेय आणि त्याआधीपासून भाषांतरं करतेय. हे भाषण मी निदान पंधरा मुलांकडून करून घेतलंय. त्यातल्या पहिल्या चौघांकडून चुकीचं करून घेतलं, हेही सांगून टाकते.

तुम्ही पाठवलेलं भाषांतर पाहिलं. तुमची तक्रार रास्त आहे, पण दोष लिंकनचा नाही. भाषांतरकाराने एकाच शब्दाला सहा ठिकाणी सहा कपडे चढवलेत: समर्पित, अर्पण, लोकार्पण, कटिबद्ध, निष्ठा, वगैरे. मूळ इंग्रजीत सहाही वेळा 'डेडिकेट' हेच एक क्रियापद आहे आणि सगळं भाषण त्या एकाच खुंटीवर टांगलेलं आहे. निबंधात तोच शब्द परत आला की बाई लाल रेघ मारायच्या, ती सवय आपल्या हातात मुरलीय. इथे ती सवय भाषणाचा जीव घेते.

आधी प्रसंग. पेन्सिल्वेनियातलं गेटिसबर्ग हे अडीच हजारांच्या आत-बाहेर वस्तीचं गाव. १८६३ च्या जुलैची १, २ आणि ३ तारीख, या तीन दिवसांत अमेरिकेतल्या यादवी युद्धातल्या उत्तर आणि दक्षिणेच्या फौजा तिथे भिडल्या. ठार, जखमी, बेपत्ता, पकडलेले असे दोन्हीकडचे मिळून पन्नास हजारांच्या आसपास. प्रेतं शेतांतच घाईघाईने पुरली होती, वर जेमतेम माती. ती माती हलली की हातपाय उघडे पडत. गावातले वकील डेव्हिड विल्स यांनी पुढाकार घेऊन उत्तरेच्या सैनिकांसाठी रीतसर दफनभूमी आखायला लावली. तिच्या अर्पणसोहळ्याचा दिवस १९ नोव्हेंबर. त्या दिवशीसुद्धा प्रेतं हलवण्याचं काम निम्मंअधिक बाकीच होतं. म्हणजे लिंकन बोलत होता ते एखाद्या सुबक स्मारकापुढे नव्हे, ताज्या उकरलेल्या मातीजवळ.

प्रमुख वक्ते होते एडवर्ड एव्हरेट. हार्वर्डचे माजी अध्यक्ष, मॅसॅच्युसेट्सचे माजी गव्हर्नर, माजी परराष्ट्रमंत्री, त्या काळचे पहिल्या रांगेतले वक्ते. कार्यक्रम आधी ऑक्टोबरात ठरला होता, पण एव्हरेटना तयारीला वेळ हवा होता म्हणून पुढे ढकलला. लिंकनला विल्स यांचं पत्र गेलं २ नोव्हेंबरला. अध्यक्षांनी 'समयोचित चार शब्द' बोलावेत, अशी त्यात विनंती. आपल्याकडे 'मी फक्त दोन शब्द बोलतो' म्हणून माइक हातात घेतलेला माणूस चहा गार होईपर्यंत सोडत नाही. एव्हरेट दोन तास बोलले, तेरा हजारांवर शब्द, हातात कागद न धरता. त्यानंतर लिंकन उठला आणि २७२ शब्दांत, दहा वाक्यांत, तीन मिनिटांच्या आत खाली बसला. बोलताना त्याचा एकही फोटो नाही. त्या दिवसाच्या ज्या फोटोत तो ओळखू येतो त्यात गर्दीच्या मधोमध डोकं किंचित खाली घातलेला, एवढाच.

एक विनंती: एव्हरेटना खलनायक करू नका. मुलांना 'दोन तास बडबड' म्हणून हशा मिळवायचा मोह होतो. दोन तास बोलणं हेच त्यांना दिलेलं काम होतं आणि लोक त्यासाठीच आले होते. दुसऱ्या दिवशी त्यांनीच लिंकनला लिहिलं की, तुम्ही दोन मिनिटांत या प्रसंगाच्या गाभ्याला जेवढे भिडलात, तेवढा मी दोन तासांत भिडलो असं म्हणता आलं तर मला आनंद होईल. असं पत्र लिहायला मोठं मन लागतं. आणि 'आगगाडीत जुन्या पाकिटाच्या पाठीवर खरडलेलं भाषण' ही गोष्टही प्रास्ताविकातून काढून टाका. सर्वांत जुन्या हस्तलिखिताचं पहिलं पान अध्यक्षांच्या कार्यालयाच्या छापील कागदावर आहे. एवढं रचून केलेलं भाषण डब्याच्या हिंदकळण्यात होत नसतं.

आता ती खुंटी. मराठीत मी 'वाहणे' घेते. भाषणाचा सांगाडा बघा. एक राष्ट्र जन्मलं, ते समानतेला वाहिलेलं. असं वाहिलेलं राष्ट्र टिकतं का, याची परीक्षा म्हणजे हे युद्ध. आज आपण जमलोय ते या रणभूमीचा एक तुकडा मेलेल्यांना वाहण्यासाठी. ते उचितच आहे. पण खरं पाहता ही जमीन आपण वाहू शकत नाही, कारण जे इथे लढले त्यांनी ती आधीच पवित्र केलीय, आपल्या हातून त्यात भर पडणार नाही की उणं होणार नाही. मग जिवंत माणसांनी करायचं काय? त्यांच्या अर्धवट राहिलेल्या कामाला स्वतःला वाहून घ्यायचं.

'वाहणे' पासून 'वाहून घेणे' पर्यंतचा हा प्रवास. फूल वाहतो ते आपण देवाला, मूठमाती देतो ते मेलेल्याला, आणि वाहून घेतो ते एखाद्या कामाला. लिंकनने इंग्रजीत जो काटा फिरवलाय, म्हणजे अर्पणाचा विधी जमिनीवरून उचलून श्रोत्यांवर टाकलाय, तो मराठीत या एका क्रियापदाने आपोआप फिरतो. मूळ इंग्रजीपेक्षाही नेमका फिरतो असं माझं मत, पक्षपात म्हणा हवं तर. फक्त एक धोका सांभाळा. माझा एक विद्यार्थी भर सभागृहात 'आपण इथे जमीन वाहायला आलो आहोत' असं घाईने म्हणाला आणि मागच्या रांगेतून कुणीतरी 'पूर आला काय!' म्हणून ओरडलं. तेव्हापासून मी तिथे 'फूल वाहावं तशी' एवढे तीन शब्द जोडते. मूळात नाहीत, पण क्षम्य आहेत.

पहिल्या वाक्याला जरा थांबा. इंग्रजीत 'फोर स्कोअर अँड सेव्हन', म्हणजे चार वेळा वीस आणि सात. १८६३ मधून ८७ वजा करा, १७७६ येतं, स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचं साल. लिंकन सरळ सत्याऐंशी म्हणू शकला असता. त्याने बायबलच्या जुन्या भाषांतरातली मोजणी घेतली, जी ऐकताना लोकांना प्रार्थना आठवावी. भाषांतरात सगळे 'सत्याऐंशी वर्षांपूर्वी' लिहून मोकळे होतात आणि वाक्य जनगणनेच्या अहवालासारखं वाजतं. आपल्याकडे हीच मोजणी आहे की! माझी आजी नारळ विसांवर मोजायची, 'तीन विसा नि चार'. 'चार विसा नि सात वर्षांपूर्वी' म्हणून पाहा. शहरातल्या मुलांना ते कळायला एक क्षण लागतो, पण तो क्षण लागावा हीच तर लिंकनची इच्छा असणार.

त्याच वाक्यात दुसरा मासा लपलाय. १७७६ च्या जाहीरनाम्यात 'सर्व माणसं समान' हे स्वयंसिद्ध सत्य म्हटलंय. लिंकन तसं म्हणत नाही. तो 'प्रपोझिशन' म्हणतो. हा भूमितीतला शब्द. लिंकनचं शाळेत जाणं सगळं मिळून वर्षभराचं, पण मोठेपणी त्याने युक्लिडची सहा पुस्तकं स्वतः बसून केली होती आणि त्याचा त्याला अभिमान होता. दहावीची भूमिती आठवा: गृहीतक मानायचं असतं, प्रमेय सिद्ध करायचं असतं. सत्याऐंशी वर्षांपूर्वी जे गृहीत धरलं होतं ते आता सिद्ध करायची पाळी आलीय, असं तो एका शब्दात सांगतो, आणि लगेच पुढच्या वाक्यात 'परीक्षा' येते. तुमच्या भाषांतरात तिथे 'तत्त्व' आहे. 'सर्व माणसं समान आहेत या प्रमेयाला वाहिलेलं' असं करून बघा. जरा खटकतं, पण खटकू दे. तुमच्या मुलीचं वय या शब्दाला अगदी योग्य आहे, प्रमेयं तिने नुकतीच पाठ केलेली असणार.

बाकी बारीक गोष्टी पटकन सांगते. जन्माची प्रतिमा पहिल्या वाक्यापासून शेवटपर्यंत चालते: गर्भ राहणं, जन्माला घालणं, शेवटी स्वातंत्र्याचा नवा जन्म. 'स्थापना केली' असं भाषांतर केलंत की ती नाळ तुटली. 'इथे' हा शब्द आठ वेळा येतो. आठही वेळा बोट जमिनीकडे करायचं नाही, मुलं हटकून करतात. 'मी' एकदाही नाही. 'गुलामगिरी' नाही, 'शत्रू' नाही, 'गेटिसबर्ग' नाही, आणि गंमत म्हणजे 'लोकशाही' हा शब्दही नाही. नागरिकशास्त्रात लिंकनची व्याख्या म्हणून आपण जे पाठ केलं ती व्याख्या नव्हती. एका लांबलचक वाक्याची ती शेपटी होती.

ते वाक्य ८२ शब्दांचं आहे आणि मराठीत सर्वांत जास्त छळणारं तेच. इंग्रजीत क्रियापद लवकर येतं, मग 'दॅट… दॅट… दॅट…' करत पायऱ्या चढता येतात. आपलं क्रियापद शेवटी. ८२ शब्द तोलून धरायचे आणि मग 'आहे' म्हणायचं, तोवर श्रोता घरी गेलेला असतो. म्हणून क्रियापद आधी आणा: 'आपण इथे निर्धार करू या, की…' आणि मग प्रत्येक 'की' नंतर एक लहान, स्वतःच्या पायावर उभं राहणारं वाक्य. शेवट मी असा करते: 'की लोकांचं, लोकांनी चालवलेलं, लोकांसाठीचं राज्य या पृथ्वीवरून नाहीसं होणार नाही.' इंग्रजीतला तीन ठोक्यांचा ताल इथे थोडा मोडतो, कारण 'लोकांनी' एकटं उभं राहत नाही, त्याला 'चालवलेलं' लागतं. पण पुष्कळ मुलं 'लोकांनी, लोकांसाठी, लोकांकडून' असं पाठ म्हणतात. त्यात 'लोकांनी' आणि 'लोकांकडून' हे एकच झालं आणि 'लोकांचं' गळूनच पडलं. त्यापेक्षा ताल मोडलेला बरा.

आणि हे वाक्य गर्जना करून म्हणायचं नाही. माझी पहिली चार मुलं इथेच फसली, कारण मीच तसं शिकवलं होतं. तिथे पोचेपर्यंत त्यांनी आवाज चढवत नेला, टाळी घेतली, आणि 'नाहीसं होणार नाही' हे टाळीत बुडालं. सगळा अर्थ त्या नकारात आहे. राज्य नाहीसं होऊ शकतं, ही भीती त्यामागे आहे. ती भीती ऐकू यायला हवी. तसंही लिंकनचा आवाज चित्रपटांतल्यासारखा घनगंभीर नव्हता. ऐकणाऱ्यांनी तो उंच पट्टीचा, पातळ, काहीसा चिरका असल्याचं लिहून ठेवलंय. ध्वनिमुद्रण असणं शक्यच नाही, एडिसनचं यंत्र १८७७ चं. तुमच्या मुलीचा आवाज बारीक आहे म्हणता, तर उलट ती मूळाच्या जवळ आहे.

इंग्रजी संहिता पडताळाल तेव्हा फरक दिसतील. लिंकनच्या हातची पाच हस्तलिखितं आहेत आणि ती शब्दशः सारखी नाहीत. 'ईश्वराच्या साक्षीने' असा जो भाग आहे तो पहिल्या दोन मसुद्यांत नाही, पण वार्ताहरांनी उतरवून घेतलेल्या भाषणात आहे. म्हणजे बोलता बोलता त्याच्या तोंडी आला असावा. सहसा छापतात ते पाचवं, ब्लिस प्रत म्हणतात ते. तेच घ्या. तेव्हाच्या सगळ्यांना भाषण आवडलं असंही नाही. हॅरिसबर्गच्या एका वृत्तपत्राने त्याला मूर्खपणाची शेरेबाजी म्हणून झटकून टाकलं होतं. त्या वृत्तपत्राच्या वारसाने २०१३ मध्ये, म्हणजे दीडशे वर्षांनी, रीतसर चूक कबूल केली.

आता दुसरा प्रश्न, याहून बरं भाषण आहे का. आहे. ४ मार्च १८६५ चं, दुसऱ्या शपथविधीचं. सातशेच्या आसपास शब्द. सकाळभर पाऊस, रस्त्यांवर चिखल, युद्ध जिंकत आलेलं, आणि समोरच्या लोकांना विजयाची आरोळी ऐकायची होती. लिंकनने ती दिली नाही. युद्ध कसं सुरू झालं हे सांगताना, दोन्ही बाजूंना युद्ध नको होतं, एवढं म्हणून तो इंग्रजीत चार शब्दांचं वाक्य टाकतो: आणि युद्ध आलं. भाषांतरकार तिथे 'युद्धाला तोंड फुटले' लिहितात. मराठी म्हणून ते छान आहे, इथे मात्र चूक. तोंड फुटलं म्हटलं की कुणीतरी फोडलं. 'आलं' म्हटलं की साथ यावी तसं आलं. दोघंही एकच बायबल वाचतात, एकाच देवाची प्रार्थना करतात, आणि एकमेकांविरुद्ध त्याची मदत मागतात, असं तो पुढे म्हणतो. मग ते भयानक वाक्य: चाबकाने काढलेल्या रक्ताच्या प्रत्येक थेंबाची फेड तलवारीने काढलेल्या थेंबाने होईपर्यंत हे युद्ध चालावं अशी देवाची इच्छा असेल, तर तो न्यायच म्हणावा लागेल. जिंकणारा अध्यक्ष आपल्याच लोकांना सांगतोय की गुलामगिरीच्या पापात आपणही भागीदार. यानंतर येतं सगळ्यांना माहीत असलेलं 'कुणाविषयी आकस नाही, सगळ्यांविषयी करुणा'. लोक तेवढंच कापून भिंतीवर लावतात. चाबकाचं वाक्य काढलं की ही करुणा दिवाळीच्या शुभेच्छापत्रासारखी वाटते.

त्या गर्दीत जॉन विल्क्स बूथही होता. बरोबर ४१ दिवसांनी त्याने लिंकनला गोळी घातली. त्याच संध्याकाळच्या स्वागतसमारंभात, स्वतः गुलामीतून सुटून आलेले फ्रेडरिक डग्लस यांना पोलिसांनी दारात अडवलं. निरोप आत गेल्यावर लिंकनने बोलावून घेतलं आणि भाषण कसं वाटलं हे आग्रहाने विचारलं. डग्लस म्हणाले, पवित्र प्रयत्न होता. माझ्या लेखी हेच लिंकनचं सर्वांत मोठं भाषण. पण सोळा वर्षांच्या मुलीने ते सात मिनिटांत उभं करावं असं मी सुचवणार नाही. त्यातला देव समजावून सांगण्यातच वेळ जाईल.

१८६१ चं पहिलं शपथविधीचं भाषण लांब, कायदेशीर आणि बरंचसं कोरडं आहे. पण लिहिणाऱ्याने त्याचा शेवट जरूर पाहावा. शेवटचा परिच्छेद मुळात लिंकनचे होऊ घातलेले परराष्ट्रमंत्री विल्यम सीवर्ड यांनी सुचवलेला. सीवर्ड यांचं वाक्य साधारण असं सुरू होतं: मी थांबतो, आपण एकमेकांचे परके किंवा वैरी नाही, नसायला हवं, आपण देशबांधव आहोत. लिंकनने ते केलं: 'थांबायला मन होत नाही. आपण वैरी नाही, मित्र आहोत.' सीवर्ड यांनी राष्ट्राचा रक्षक देवदूत आणला होता. लिंकनने त्याला आकाशातून उतरवून माणसाच्या स्वभावातल्या चांगल्या बाजूत बसवला. संपादन शिकवताना मी ही दोन रूपं फळ्यावर शेजारीशेजारी लिहिते आणि मुलांना नुसतं बघत बसायला लावते. पाच-सहा आठवड्यांत फोर्ट समटर या किल्ल्यावर तोफा डागल्या गेल्या आणि युद्ध पेटलं, ती गोष्ट वेगळी.

आपल्याकडचा धागा जोडायचा असेल तर खरा धागा आहे. महात्मा फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' प्रसिद्ध केलं ते अमेरिकेतल्या, काळ्या गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण करून. गेटिसबर्गनंतर दहाच वर्षांनी. प्रास्ताविकात हे एक वाक्य पुरे. मात्र शाळाशाळांच्या भिंतीवर लावलेलं 'लिंकनचं हेडमास्तरांना पत्र' त्यात आणू नका. मराठीत ते सुंदर वाजतं, मलाही आवडतं, पण लिंकनने ते लिहिल्याचा कसलाही पुरावा नाही. परीक्षकांत एखादा जाणकार असला तर तिथेच गुण जातील.

सात मिनिटांचं गणित असं. मराठीत हे भाषण नीट थांबत म्हटलं तर साडेतीन मिनिटं होतं. प्रास्ताविकाला दीड. उरलेली दोन मिनिटं भरायला लोक लिंकनचं चरित्र घालतात, लाकडी झोपडी वगैरे. त्यापेक्षा नियमात बसत असेल तर सुरुवातीला स्प्रिंगफील्डचा निरोप घ्या. ११ फेब्रुवारी १८६१, लिंकन अध्यक्षपद स्वीकारायला निघालाय, स्टेशनवर गाववाले जमलेत, आणि तो डब्याच्या मागच्या बाजूने बोलतो. जेमतेम दीडशे शब्द. 'इथे मी पाव शतक राहिलो, तरुणाचा म्हातारा झालो. इथे माझी मुलं जन्मली आणि एक इथेच पुरलंय. आता निघालोय, परत कधी येईन, येईन की नाही, ठाऊक नाही.' तेव्हा तो बावन्नाचाही नव्हता. परत आला तो शवपेटीतून.

नियमात बसत नसेल तर ती दोन मिनिटं तशीच सोडून द्या. पाच मिनिटांत संपलं म्हणून सहसा गुण कापले जात नाहीत, सातच्या पुढे गेलं की कापले जातात. सहाव्या मिनिटाची घंटा वाजेल तेव्हा ती आपल्या खुर्चीत बसून पाणी पीत असली तरी चालेल.